चाळीस कप जायफळाची कॉफी

आमच्या सोसायटीच्या गणपतीत एक रात्र भजनाची असते. साडेनऊला पेटी उघडते आणि भैरवीपर्यंत दीड-दोन वाजतात. मधल्या सुट्टीत कॉफी द्यायची रीत आहे, चहा नाही. जागरणाला कॉफी, तीही जायफळ-वेलची घातलेली, हे आमच्याकडे जुन्या मंडळींनी ठरवून टाकलेलं आहे. गेली काही वर्षं ती बाहेरून मोठ्या थर्मासमधून यायची. तपकिरी रंगाचं गोड गरम दूध असायचं ते. त्यात कॉफी कुठे आहे हे शोधावं लागायचं आणि जायफळ तर सापडायचंच नाही. यंदा बैठकीत विषय निघाला तेव्हा मी म्हटलं, कॉफी मी घरून करून आणते. फारसं कोणी कौतुक केलं नाही, खजिनदारांनी मात्र लगेच वहीत नोंद करून घेतली.

चाळीस माणसं. हाताशी अख्खा पावसाळा. आधी दोन कपांची नीट जमवायची आणि मग ती वाढवायची, असं ठरवलं.

घरात कॉफी होत नव्हती असं नाही, पण ती चहाच्या चालीवर व्हायची. एकाच पातेल्यात पाणी, दूध, साखर, कॉफीची पूड, कुटलेली वेलची, आणि मग खळाखळा उकळायचं. चहाला हे सोसतं. चहाचा तुरटपणा दुधातली प्रथिनं धरून ठेवतात, शिवाय आलं-मिरी उतरायला उकळी लागतेच. कॉफीला हे सोसत नाही. तिच्या वासाची द्रव्यं उडून जाणारी असतात. पाच मिनिटं उकळलं की जिन्यापर्यंत घमघमाट सुटतो आणि पातेल्यात कडवटपणा तेवढा मागे राहतो. वेलचीचंही असंच, जायफळाचं तर त्याहून जास्त. एका कपात पळून जाणारे हे तीन वास. त्यांना एकाच वेळी उकळत ठेवायचं आणि मग चव का येत नाही म्हणून अजून एक चमचा पूड टाकायची, असा तो प्रकार होता. म्हणून पहिला निर्णय हा की कॉफी पाण्यात वेगळी उतरवायची, मसाला दुधात वेगळा मुरवायचा, आणि दोघांची गाठ प्यायच्या पाचएक मिनिटं आधी घालून द्यायची. पुढे जे काही केलं ते सगळं या एका गोष्टीच्या सोयीसाठी.

पूड आणायला माटुंग्याला गेले. तिथल्या बाजारात अजून कॉफी समोर दळून देणारी दुकानं आहेत आणि शनिवारी सकाळी तिथे उभं राहणं हेच मुळात सुखाचं काम आहे. दुकानदारांनी पहिला प्रश्न विचारला, "ताई, फिल्टरला पाहिजे की उकळायला?" दुसरा प्रश्न चिकोरीचा. मी मसाल्याची कॉफी करायची आहे म्हटल्यावर त्यांनी हातातलं फावडं खाली ठेवलं. "मग नुसती प्लांटेशन नका घेऊ. दुधात आणि वेलचीत हरवून जाईल. थोडी रोबस्टा टाका."

प्लांटेशन म्हणजे धुऊन तयार केलेली अरेबिका. वासाला चांगली, थोडी आंबूस, अंगाने हलकी. रोबस्टा रांगडी आणि कडू. कॅफीनही तिच्यात जास्त, अरेबिकात साधारण १.२ टक्के असेल तर रोबस्टात २.२ च्या आसपास. काळी कॉफी पिणारे रोबस्टाला नाकं मुरडतात, आणि नुसतीच प्यायची असेल तर मीही मुरडेन. पण पाऊण कप दूध, साखर आणि जायफळ यांच्यापुढे उभं राहायला कोणीतरी दांडगं लागतं. शेवटी साठ टक्के अरेबिका (त्यात निम्मी पीबी), वीस टक्के रोबस्टा आणि वीस टक्के चिकोरी असं ठरलं. पीबी म्हणजे पीबेरी. कॉफीच्या फळात एरवी दोन चपट्या बिया असतात, काही फळांत एकच गोल बी तयार होते, ती ही. तिचं महात्म्य फार सांगतात. मला भाजणी सारखी येते एवढाच फरक जाणवला.

दुकानात भिंतीवर चिकमगळूरच्या डोंगरांचं चित्र होतं. बाबा बुदान यांनी सतराव्या शतकात येमेनहून सात बिया लपवून आणल्या आणि त्या तिथे लावल्या ही गोष्ट त्या डोंगरांच्या नावातच बसली आहे. सातच का आणि मोजल्या कोणी, हे विचारायचं नसतं. आज देशातली सुमारे सत्तर टक्के कॉफी एकट्या कर्नाटकात पिकते हे मात्र मोजलेलं आहे.

चिकोरीवरून घरी वाद झाला. नवऱ्याचं म्हणणं, ही भेसळ आहे. चोरून घातली तर भेसळच, पण सांगून घातली तर तो घटक आहे. कायद्यानेही कॉफी-चिकोरी मिश्रणात कॉफी निदान ५१ टक्के असावी लागते आणि प्रमाण पाकिटावर छापावं लागतं. बाजारातली कित्येक पाकिटं या ५१ च्या काठावर किंवा ६०-७० च्या आसपास असतात, एकदा उलटून बघा. चिकोरी म्हणजे एका रोपाचं मूळ, वाळवून भाजलेलं. आपल्याकडे गुजरात आणि उत्तर प्रदेशात तिची शेती होते. कॅफीन तिच्यात औषधालाही नाही. पण भाजल्यावर तिच्यातली शर्करा करपते, आणि त्यामुळे रंग गडद, काढा दाट आणि शेवटाला एक गोडसर कडूपणा येतो. दुधाच्या कॉफीला हा दाटपणा हवा असतो. वीस टक्क्यांच्या वर गेलं की मात्र काकवीची चव पुढे येते आणि जायफळ मागे पडतं. म्हणून वीसच. नवऱ्याने पुढे वाद घातला नाही, पण तो त्याची कॉफी वेगळी करून पितो.

शंभर ग्रॅमच आणली. दळलेली पूड डब्यात आठवडाभर ठेवली की वास निम्म्यावर येतो, आणि स्वस्त पडते म्हणून अर्धा किलो आणण्यात काही अर्थ नाही.

स्टीलचा फिल्टर घरात होताच, लग्नात कोणीतरी दिलेला, आतापर्यंत त्याच्या खालच्या भांड्यात सुया-दोरे होते. वरच्या भांड्याला बारीक भोकं, आत दांडीची चकती, जिला छत्री म्हणतात. दोन मोठ्या कपांना तीन शिगोशीग मोठे चमचे पूड, म्हणजे वीसेक ग्रॅम. ती पसरायची, छत्रीने अलगद दाबायची. दाबण्यात सगळी मेख आहे. सैल राहिली तर पाणी तीन मिनिटांत खाली येतं आणि काढा फिका, जास्त दाबली तर तासभर टपकतच राहतं आणि कडू होतं. पाणी उकळून गॅसवरून उतरवायचं, अर्धा मिनिट थांबायचं. आधी दोन चमचे घालून पूड नुसती भिजवायची, ती जराशी फुगते, आतली हवा निघून जाते. मग उरलेलं, सगळं मिळून १२० मिली. झाकण ठेवून पंधरा-वीस मिनिटं विसरून जायचं. खाली ८० मिली काढा मिळतो, बाकीचं पाणी पूड पिऊन बसते. हा काढा पुन्हा उकळायचा नाही, काही झालं तरी नाही. गार झाला तर भांडं गरम पाण्यात ठेवायचं.

ज्यांच्याकडे फिल्टर नाही त्यांच्यासाठी आमच्या आजीची पद्धतही करून पाहिली. पाण्याला आधण आलं की गॅस बंद, त्यात पूड, झाकण, सात-आठ मिनिटं. मग वरून चमचाभर गार पाणी शिंपडायचं, गाळ खाली बसतो, आणि पातळ फडक्यातून निथळून घ्यायचं. ही कॉफी फिल्टरइतकी दाट होत नाही, पण वाईट मुळीच नाही. तेव्हाच्या बायका थर्मामीटर न लावता पूड उकळत्या पाण्यात न टाकता उतरवलेल्या पाण्यात घालत, हे लक्षात घेण्यासारखं आहे. मधल्या पिढीत चहा वाढला आणि कॉफीला चहाचं वळण लागलं असा माझा संशय आहे. इन्स्टंट पूड साखरेबरोबर फेटूनही बघितली. फेस सुंदर येतो, मसाला घातला की चव सपाट लागते. त्यावर जास्त वेळ घालवला नाही.

दूध कोणतं घ्यावं यात मात्र बरेच दिवस गेले. वास तेलात आणि तुपात विरघळतो, पाण्यात कमी. त्यामुळे दुधाला स्निग्धांश हवा, तो मसाल्याचा वास धरून ठेवतो. फुल क्रीममध्ये तो ६ टक्के असतो. मसाला उत्तम उतरतो, पण प्यायल्यावर जिभेवर सायीचा लेप बसतो आणि कॉफी त्याच्या खाली दबते. टोन्डमध्ये ३ टक्के, त्यात कॉफी स्वच्छ लागते आणि जायफळ घशाशी येईपर्यंत नाहीसं होतं. दोन्ही निम्मी-निम्मी घेतली तेव्हा जमलं. गाईचं ताजं दूध मिळत असेल तर ते साधारण याच्या जवळपासच असतं, फार हिशेब करू नका.

दोन कपांना २०० मिलीच्या वर थोडं दूध. एक उकळी आणून आच अगदी बारीक करायची आणि आठ-दहा मिनिटं ठेवायचं, अधूनमधून ढवळत. आटवायचं नाही, बासुंदी करायची नाहीये. या दहा मिनिटांत जे मसाले सावकाश उतरतात तेच घालायचे, म्हणजे वेलचीची सालं आणि चिमूटभर सुंठ. वेलचीचे दाणे बाजूला ठेवायचे, ते शेवटी. सालात वास कमी पण टिकाऊ असतो, दाण्यात भरपूर पण चंचल. दाणे कुटताना खलबत्त्यात चमचाभर साखर घालायची, ती कॉफीत जायच्या साखरेतलीच. साखरेच्या कणांनी ते नीट वाटले जातात, उडत नाहीत आणि सुटलेलं तेल साखर शोषून घेते. दोन कपांना दोन वेलच्या. चार घातल्या तर कॉफी म्हणजे श्रीखंडाचं पातेलं विसळलेलं पाणी लागते.

इतर मसाल्यांची माझी मतं एका दमात सांगते. लवंग नको. ती जीभ बधिर करते आणि कॉफीच्या कडूपणाला आपला कडूपणा जोडते. दालचिनी चालते पण अख्खा तुकडा, पूड नाही. बाजारातली जाड सालीची दालचिनी पूड करून दुधात उकळली की दूध बुळबुळीत होतं. मिरीचे दोन दाणे ठेचून पावसाळ्यात बरे लागतात. केशर घालू नये. केशराचा रंग कॉफीत दिसत नाही, वास कॉफीपुढे टिकत नाही, मग उरतो फक्त खर्च. बदाम-पिस्त्याचे काप कोजागरीच्या दुधात शोभतात, कॉफीत ते तळाशी बसतात आणि शेवटच्या घोटाला ठसका लागतो.

आल्याचं वेगळं सांगायला हवं. वरच्या मजल्यावरच्या काकू एकदा चव बघायला आल्या आणि म्हणाल्या, "अगं, किसलेलं आलं घाल की थोडं, घशाला बरं." मी त्यांच्यासमोरच वाटीभर कोमट दुधात आल्याचा रस घालून ठेवला. दहा मिनिटांत दूध जमलं. आल्यात प्रथिनं तोडणारं एक विकर असतं, ते दूध फोडतं. खळखळत्या उकळीत ते मरतं, म्हणून चहात आलं चालतं, कारण ते आधी पाण्यात उकळलेलं असतं. आपल्या कॉफीत दूध मंद आचेवर आणि वर कॉफीचा स्वतःचा आंबटपणा, म्हणजे फाटायला दोन कारणं. चाळीस जणांचं दूध फाटण्याची जोखीम आल्यासाठी कशाला घ्या? सुंठेने हा त्रास सहसा होत नाही आणि उष्णपणा तोच. काकूंना पटलं. जमलेलं दूध त्यांनी साखर घालून खाल्लंसुद्धा.

गूळ घाला असंही दोघा-तिघांनी सुचवलं होतं. गुळातही आंबटपणा असतो, उकळत्या दुधात तो कधी फोडतो, कधी नाही, आणि हा 'कधी' आपल्या हातात नसतो. गुळाची हौस असेल तर तमिळनाडूतली सुक्कु काप्पी करावी. सुंठ, धणे, मिरी आणि ताडाचा गूळ घालून उकळतात, त्यात दूध घालतच नाहीत. सर्दीला छान. पण भजनाच्या मंडळींना ती कॉफी आहे हे पटवावं लागलं असतं.

आता जायफळ. माझी आत्या गुहागरजवळ असते. नारळी-पोफळीच्या वाडीत तिची जायफळाची झाडं आहेत. या झाडाला सावली आणि ओल लागते, त्यामुळे माडांच्या मधल्या जागेत ते खुशाल वाढतं. दापोलीच्या कृषी विद्यापीठाने कोकण सुगंधा, कोकण स्वाद अशा जातीही दिल्या आहेत. या झाडात नर-मादी वेगळे असतात. बी लावलं तर काय निघेल ते फुलं येईपर्यंत कळत नाही, आणि त्याला कित्येक वर्षं जातात. म्हणून लोक कलमं लावतात आणि परागीकरणापुरते नर ठेवतात. फळ पिकलं की मधोमध उकलतं, आत लालभडक जाळी, ती जायपत्री, आणि तिच्या आत काळपट कवचात बी.

मी फोनवर आत्याला विचारलं, बाजारातली जायफळपूड का लागत नाही? ती हसली. "पूड आणतेस? अगं, ती दळली त्या दिवशीच संपली. आख्खं आण. आणि कवचासकट आण. हलवून बघ, आत खुळखुळलं पाहिजे. खुळखुळलं म्हणजे वाळलं." पंधरा दिवसांनी एसटीने तिची पिशवी आली, कवचासकट, जुन्या धोतराच्या फडक्यात बांधलेली. कवच अडकित्त्याने फोडलं. आतलं जायफळ कापलं तर संगमरवरी रेघा दिसतात आणि नख रोवलं तर तेलकट ओल लागते. भोकं पडलेलं, हलकं, कोरडं जायफळ किड्याने खाल्लेलं असतं, ते टाकून द्यावं.

किसणी की सहाण? दोन्ही केलं. किसणीने कण मोठे राहतात, ते फुगून तळाशी बसतात आणि शेवटचा घोट कडू, भुसभुशीत लागतो. सहाणेवर थेंबभर दुधात उगाळलं तर गंधासारखा लेप तयार होतो आणि दुधात तो पूर्ण मिसळतो. बाळगुटीची सहाण माळ्यावर होती, ती काढली. गुटी देताना जसे वेढे मोजतात तसेच मोजायचे. दोन कपांना आठ-दहा वेढे पुरे. वासाचा अंदाज कपातून घ्यायचा, सहाणेवरून नाही. सहाणेवर ते नेहमी कमी वाटतं.

आणि ते घालायचं कधी, तर सगळ्यात शेवटी. दूध गॅसवरून उतरवलं, त्यात साखर आणि वेलचीचे दाणे घातले, काढा ओतला, ढवळलं, मग जायफळाचा लेप. झाकण. दोन मिनिटं. गाळून कपात. दूध आधी घालायचं की काढा आधी यावर घरोघरी मतं असतात. दुधात काढा ओतला की रंग बघून थांबता येतं, म्हणून मी तसं करते. साखर दर कपाला दीड चमचा. चिकोरी आणि दूध दोन्ही गोडसर असतात, त्यामुळे चहापेक्षा थोडी कमी चालते.

जायफळ उकळीत घातलं तर काय होतं हेही करून पाहिलं, एकाच दुधाचे दोन भाग करून. उकळलेल्या भागात लाकडासारखा कडवटपणा आला आणि वास निघून गेला. शेवटी घातलेल्यात वास आधी येतो, घोट मागून. काकूंना न सांगता दोन्ही कप दिले, त्यांनी उकळलेला तसाच ठेवला.

याच जायफळाने बाळं झोपतात आणि तेच आपण जागरणाच्या कॉफीत घालतो, याची मला गंमत वाटते. कॉफी जागं ठेवणार, जायफळ डोळे मिटवणार. कॉफी जिंकते, कारण कपात कॅफीनचा डोस खराखुरा असतो आणि जायफळ नावापुरतं. नावापुरतंच असावंही. जायफळ जास्त झालं तर ते अंगावर येतं. एक-दोन चमचे पूड पोटात गेली तर छाती धडधडणं, गरगरणं, भ्रम होणं असले प्रकार होतात. स्वयंपाकातल्या चिमटीने काही होत नाही, पण "वास येत नाही, अजून घाल" हा हात जायफळाच्या बाबतीत आवरावा. वास येत नसेल तर जायफळ बदलावं.

दोन कपांचं बसलं. चाळीसचं गणित केलं. भजनाला छोटे कप, १०० मिलीचे, म्हणजे एकूण चार लिटर. काढा १.१ लिटर, दूध तीन लिटर. काढ्याला पूड २७५ ग्रॅम आणि पाणी साधारण १.६५ लिटर, कारण पूड आपल्या वजनाच्या दुप्पट पाणी धरून ठेवते. एवढ्याला घरचा फिल्टर पुरत नाही. मलमलची स्वच्छ पिशवी शिवली, नवी मलमल आधी दोनदा उकळून घेतली, नाहीतर खळीचा वास लागतो. पिशवीत पूड सैल भरली, मोठ्या पातेल्यात टांगली आणि उतरवलेलं पाणी तीन वेळा वरून ओतलं, खालचं पुन्हा वर. पिशवी पिळायची नाही. पिळली की तळाचा कडूपणा येतो.

मसाल्याचं गणित मात्र सरळ वाढवायचं नसतं. दोन कपांना दोन वेलच्या म्हणून चाळीसला चाळीस, असं केलं तर पीत राहता येत नाही. मोठ्या पातेल्यात पृष्ठभाग कमी, वास उडतो कमी. अठरा वेलच्या पुरल्या. जायफळ पाव. चाळीस कपांचं सहाणेवर कोण उगाळत बसणार, म्हणून अगदी बारीक किसणीवर थेट साखरेवर किसलं, हाताने चोळलं आणि पिठाच्या चाळणीतून काढलं. मोठे कण चाळणीत राहिले, ते टाकले.

त्या रात्री दूध घरी तयार करून दोन स्टीलच्या किटल्यांत खाली नेलं, काढा थर्मासमध्ये वेगळा. मध्यंतर नक्की कधी होणार हे गवळणी किती लांबतात त्यावर असतं, आणि मिसळून ठेवलेली कॉफी अर्ध्या तासात मरते. म्हणून शेवटचा अभंग उचलल्यावरच मिसळायचं ठरवलं होतं. एक किटली बिनसाखरेची ठेवली. चाळिशीच्या पुढच्या मंडळींत तिलाच जास्त मागणी निघाली, हा अंदाज माझा चुकला नव्हता. साखर-जायफळाचं मिश्रण दुसऱ्या किटलीत, बिनसाखरेच्यात आठ-दहा वेढे सहाणेवरचे. मग लांब हाताने एका भांड्यातून दुसऱ्यात दोनदा ओतलं, थोडा फेस आला, तेवढ्यात कप लागले.

तबलजींनी दुसरा कप मागितला. एका आजोबांना ती "फार कडक" लागली आणि पुढच्या वर्षी अर्धी पूड घाला असं त्यांनी खजिनदारांना सांगून ठेवलं आहे. मी अर्धी घालणार नाही, त्यांच्या कपात दूध जास्त घालीन. पेटीवाल्या काकांनी कप नाकाशी नेऊन "जायफळ आहे वाटतं" असं म्हटलं, तेव्हा मला बाकीच्यांच्या मताची फिकीर उरली नाही.

पाऊण कप काढा शिल्लक राहिला होता. फ्रिजमध्ये ठेवून दुसऱ्या दिवशी गार दुधात घातला, जायफळासकट. गार कॉफीत जायफळ मंदावतं, निम्मं अजून उगाळावं लागतं, आणि वेलची उलट जास्तच बोलते. त्यामुळे गार करायची असेल तर वेलची एकच ठेवा. काढा दोन दिवसांपलीकडे ठेवण्यात राम नाही.

आत्याला फोन केला तर तिने आता जायपत्रीही पाठवली आहे. ती कॉफीत घालून बघितली. दुधाला केशरी झाक येते, वास जायफळापेक्षा तिखट आणि जरासा औषधी. कॉफीत ती भांडते. मसालेभाताच्या मसाल्यात मात्र तिच्या दोन काड्यांनी फरक पडला, तिथेच तिची सोय केली आहे.